हाताने बसवली, तोंडाने बोलावली

तेहतीस वर्षं मी ओरडायचा पगार घेतला. कोर्टात पट्टेवाला होतो, भिवंडीत. कुठल्या कोर्टात ते सांगत नाय, सुनेने बजावलंय. हे सगळं तीच लिहून घेते. माझी शाळा चौथीपर्यंत, ती पण गुरुजींना माझा कंटाळा आला म्हणून पुढे ढकलत ढकलत झालेली. मी बोलतो, ती लिहिते आणि मधेच पेन थांबवून बोलते, "बाबा, हे नको." मग मी तेच परत सांगतो.

काम तसं सोपं. सकाळी भिंतीवर बोर्ड लागतो, म्हणजे आज कोणाकोणाच्या केसी आहेत त्याची यादी. आतला क्लार्क नाव सांगतो. मी दरवाजात यायचं, छाती भरून श्वास घ्यायचा आणि ते नाव तीनदा पुकारायचं, मागे 'हाजिर हो' लावायचं. ज्याचं नाव तो आत जातो. झालं.

पहिल्या दिवशी मात्र क्लार्क गडबडीत होता. त्याने यादीच माझ्या हातात दिली आणि बोलला, "वरचं पहिलं नाव घे." मी एकेक अक्षर जुळवलं, सगळ्यात वर जे नाव होतं ते जीव तोडून तीनदा पुकारलं. आतून साहेबांचा शांत आवाज आला, "हाजिर आहे. पुढचं बोला." वर छापलेलं नाव जजसाहेबांचंच होतं. तेव्हापासून मला कोणी कागद दिला नाय, नावं तोंडी सांगायला लागले.

देवाने अक्कल वाटताना मला लायनीत मागे ठेवलं, पण आवाजाच्या वेळी मी पुढे असणार. मी पुकारा केला की कंपाउंडबाहेरचा रिक्षावाला हॉर्न थांबवायचा. आवाजाला शोभेल अशी मिशी पण ठेवली होती. जाड, खाली वळलेली, वरचा ओठ दिसायचा नाय. बायको बोलायची, तुमी चहा पिता की मिशीला पाजता.

आता पुकारून पण माणूस आला नाय तर काय होतं, ते सांगतो, कारण पुढची सगळी गोष्ट त्याच्यावरच आहे. ज्याने केस घातली तोच आला नाय, त्याचा वकील पण नाय, आणि समोरची पार्टी मात्र हजर, तर कोर्ट बोलतं की याला आपल्या केसचं पडलेलं नाय. केस काढून टाकतात. डिफॉल्टमध्ये गेली, असं आम्ही बोलायचो. खरं-खोटं काय ते कोणी बघतच नाय. आणि त्या केसवर आधी काही हुकूम मिळालेला असेल तर तो पण तिच्याबरोबर जातो.

माझ्या डोळ्यांसमोर असे बरेच गेले. एक जण झेरॉक्स काढायला गेला होता. एक जण मुतारीतून माझं ऐकत होता, पण नाडी अडकली. तो धावत आला तेव्हा पुढची केस चालू झालेली. मी कँटीनमध्ये त्याच्या धावण्याची नक्कल करून दाखवायचो, एका हाताने पायजमा धरून. सगळे हसायचे. सर्वांत जास्त मी. तो माणूस पायरीवर बसून रडत होता, ते मी नकलेत घेत नव्हतो.

असा मी. आता मावशीचं सांगतो.

मावशी पूर्ण्याची. पूर्णा गावात आता घरं कमी आणि गोडाऊन जास्त, पण तिचं घर जुनं, विटांचं, समोर ओटा. तारीख असली की सकाळी कोर्ट उघडायच्या आधी येऊन दरवाजासमोरच्या बाकड्यावर बसायची. हिरवं लुगडं, हातात प्लास्टिकची पिशवी. पिशवीत केसचे कागद आणि भाकरी. थंडीत भाजलेल्या वालाच्या शेंगा आणायची. "खा रं दादा," इतकंच बोलायची, पण मोठ्याने.

तीन वर्षं मी तिच्या शेंगा खाल्ल्या. दर तारखेला बाकड्यावर तिच्या बाजूला टेकून पाच मिनिटं माझे जोक सांगायचो. घरात माझ्या जोकला कुत्रं पण शेपूट हलवत नाय. ही बाई प्रत्येक जोकला हसायची, मान डोलवायची. मी बायकोला सांगायचो, पूर्ण्याची एक म्हातारी आहे, तिला अक्कल आहे.

तिचं नाव काय, ते मी कधी विचारलं नाय. गरज काय. ती मावशी, मी दादा. तिचं नाव पुकारलं की तिचे वकील आत जायचे, पुढची तारीख घ्यायचे, बाहेर येऊन बोटांनी तिला दाखवायचे, इतक्या तारखेला ये. म्हणजे ते नाव मी तीन वर्षं पुकारत होतो आणि त्या बाईला तीन वर्षं बघत होतो. दोघांची गाठ माझ्या डोक्यात कधी पडली नाय.

त्या दिवशी तिचे वकील ठाण्याच्या कोर्टात अडकले, आणि त्यांनी पाठवलेला ज्युनियर मानकोलीच्या ट्रॅफिकमध्ये. आत क्लार्क बोलला, "हौसाबाई गणपत तरे." मी दरवाजात आलो. मला बघून मावशी उठून उभी राहिली. ती नेहमीच उठायची, मी दरवाजात दिसलो की. मला वाटायचं मान देते. मी नेहमीसारखा हात खाली दाबून इशारा केला, बस, बस. ती बसली. मग मी तोंडाला हाताचा आडोसा केला, मान वर करून जिन्याकडे तोंड केलं आणि पुकारलं.

"हौसाबाई गणपत तरे, हाजिर हो."

तीनदा. तिच्या डोक्यावरून. ती माझ्याकडे बघून हसत होती.

आत जाऊन बोललो, "मॅडम, कोणी नाय." समोरचे वकील उभेच होते, तिच्या दिराचे. जज मॅडम चांगल्या, घाई करणाऱ्या नव्हत्या. बोलल्या, जेवणानंतर परत पुकारा. जेवणानंतर मी परत दरवाजात आलो. मावशी भाकरी खात होती. मला बघून घास हातात धरून उठायला लागली. मी हाताने सांगितलं, जेव, जेव. आणि परत तीनदा पुकारलं.

कोणी आलं नाय. मॅडमनी लिहिलं, सही केली. दिराचे वकील कागद गोळा करून गेले.

पाच वाजले. मी पंखे बंद करायला लागलो. बाहेर बाकड्यावर मावशी एकटीच.

"मावशी, घरी नाय जायचं?" मी दार दाखवून विचारलं.

"माझा नंबर कदी येल?" ती बोलली. "दिस गेला आख्खा."

मी हात पुढे केला. तिने पिशवीतून कागद काढून दिला. मी अक्षरं जुळवायला लागलो. हौ. सा. बा. ई. पुढे वाचायची गरज नव्हती, पण मला वाचनाचा भरवसा नाय म्हणून परत वाचलं. मग तिसऱ्यांदा वाचलं. दरवेळी तेच आलं.

मी बाकड्यावर बसलोच. सकाळपासून सहा वेळा मी तिला तोंडाने बोलावलं होतं, आणि दोन वेळा हाताने खाली बसवलं होतं. तिने हाताचं ऐकलं.

मी बोललो, "मावशी, तुझी केस गेली. डिफॉल्टमध्ये गेली. मी तुला पुकारत होतो गं."

ती हसली. मान डोलवली. नेहमी माझ्या जोकला हसायची तशीच. मग दोन शेंगा उरल्या होत्या त्या माझ्या हातात ठेवल्या, "फुडच्या तारखेला येते," बोलली आणि गेली. मी शेंगा हातात धरून उभा राहिलो.

घरी गेलो. माझी बायको मंदा, तिने लग्नानंतर एकवीस वर्षं लूमच्या कारखान्यात कांडी भरली. कांडी म्हणजे विणताना इकडून तिकडे पळणाऱ्या धोट्यात बसवायची सुताची गुंडाळी. ती भरायचं मशीन लूमच्या बाजूलाच असतं, चाळीस लूम एकाच वेळी खडखडतात. मी तिला सगळं सांगितलं आणि शेवटी बोललो, "बाई शॉकने वेडी झाली वाटतं. केस गेली सांगितलं तर हसली."

मंदा भाकरी थापायची थांबली. "काय काम करायची ती?"

"कांडीवर होती असं बोलली होती कधीतरी."

"मंग?" मंदा बोलली. "मला हाक कशी मारता तुमी?"

मी ताट पुढे ओढलं.

"सांगा ना. घरात मला हाक मारता का?"

नाय मारत. वीस वर्षं झाली मी तिला हाक मारत नाय. मागून जाऊन खांद्याला हात लावतो. आमच्या घरात सगळेच लावतात, सून पण. कारखान्यातल्या बायकांना समोरून ओठ दिसले तर कळतं, नायतर हात लावावा लागतो. हे मला माहीत होतं. बाहेरच्या कोणाला नसेल माहीत, मला माहीत होतं. घरी आलो की माहीत असायचं आणि पट्टा बांधला की विसरायचो.

"आणि ती मिशी," मंदा बोलली, "कोणाला ओठ दिसणार तुमचे?"

मग माझ्या डोक्यात दुसरं शिरलं, आणि ते पहिल्यापेक्षा जास्त लागलं. तीन वर्षं तिने माझा एक पण जोक ऐकला नव्हता. माणूस बाजूला बसून तोंड हलवतोय, हसतोय, तर आपण पण हसावं, म्हणून हसायची. मी मंदाला हे सांगितलं. ती बोलली, "मी पण तसंच करते."

दुसऱ्या दिवशी कोर्टाला सुट्टी होती. सायकल घेतली तर पूर्णा काही लांब नाय. जाऊन तिला समोर बसून, ओठ दाखवून सांगायचं होतं की मावशी, तुझ्या घराचा हुकूम गेला, सांभाळ. मी गेलो नाय. वकील सांगतील, असं मनाला बोललो. खरं म्हणजे तोंड दाखवायची हिंमत नव्हती. दिवसभर घरात पडून राहिलो, टीव्ही बघितला. काय बघितलं विचाराल तर सांगता येणार नाय.

त्या घराचं काय होतं ते मला तिच्या वकिलांकडून कळलं, तिसऱ्या दिवशी सकाळी. दिराला ती जागा गोडाऊनवाल्याला द्यायची होती. मावशी बोलत होती की नवऱ्याचा अर्धा हिस्सा आहे, मी इथेच राहते, आधी वाटा ठरवा. निकाल लागेपर्यंत घराला हात लावायचा नाय, असा मनाई हुकूम तिला कोर्टाने दिला होता. त्याच्या जोरावर ती त्या घरात राहत होती. केस गेली तेव्हा तो हुकूम पण गेला. वकील बोलले, "आजच अर्ज टाकतो. देवाने दोन दिवस थांबवावं त्या दिराला."

मी अर्धी रजा टाकली आणि गेलो.

लांबूनच दिसलं. जेसीबी उभा होता, ड्रायव्हर गोडाऊनच्या सावलीत डबा खात होता. मागची भिंत गेलेली, चुलीची बाजू गेलेली, वरची कौलं अर्धी खाली. देवाचा फोटो उभ्या भिंतीवर तसाच, त्याच्या बाजूला उघडं आभाळ. गावातल्या पाच-सहा बायका ओट्यावर मांडी घालून बसलेल्या, त्यांच्यामुळेच काम थांबलं होतं. मधे मावशी. समोर भांडी मांडलेली, जशी बाजारात मांडतात.

मी जाऊन तिच्या खांद्याला हात लावला. तीन वर्षांत पहिल्यांदा.

तिने वर बघितलं. मला वाटलं शिव्या देईल. मला पाहिजे होत्या शिव्या.

"तू बस बोललास," ती बोलली, "मी बसली."

बाजूची बाई तडकून बोलली, "ह्योच का तो कोर्टातला? तुझ्या तोंडाला काय झालं होतं रं?"

मी बोललो, "तोंड चालू होतं बाई, डोकं बंद होतं." कोणी हसलं नाय. मी पण जोक मारला नव्हता.

घरी आलो आणि मिशी काढली. दुसऱ्या दिवशी कोर्टात शिपाई, वकील, चहावाला, सगळे हळू आवाजात विचारायला लागले, कोण गेलं? आमच्यात बाप गेल्यावर मिशी काढतात. मी बोललो, "कोणी नाय. एका बाईची भिंत गेली."

केस परत उभी करायचा अर्ज लागला. त्याच्यात एकच सांगायचं होतं, बाई हजर होती. आणि ती हजर होती हे सांगणारा माणूस एकच, जो 'कोणी नाय' बोलला होता तोच.

क्लार्कने मला बाजूला घेतलं. "मधूभाऊ, आठ महिने राहिलेत रिटायरला. तू तीनदा पुकारलंस, कागदावर तसं आहे, विषय संपला. आता तोंड कशाला उघडतोस?"

मी बोललो, "साहेब, जन्मभर तोंड उघडायचाच पगार घेतला. आज फुकट उघडतो."

बोलताना बरं वाटलं. मग आत जाऊन मॅडमसमोर उभा राहिलो. तेहतीस वर्षांत त्या खोलीत मी 'कोणी नाय' सोडून कधी काही बोललो नव्हतो, फक्त नावं घेतली होती. मॅडमनी विचारलं, "तुम्ही पुकारलं होतं?"

"पुकारलं मॅडम."

"त्या होत्या?"

"समोर होत्या. चार पावलांवर. उठल्या पण होत्या. मीच हाताने बसवलं."

"का?"

मी बोललो, "सवय, मॅडम."

दिराचे वकील उभे राहिले. बोलले, ही बाई सोंग करते, स्वतःच्या वकिलाशी बोलते तेव्हा कसं ऐकू येतं? पट्टेवाला तिच्या शेंगा खातो, हे सगळ्या कोर्टाला माहीत आहे. शेंगांचं खरंच होतं.

मॅडमनी पेन खाली ठेवलं. "त्या आता कुठे आहेत?"

"बाहेर बाकड्यावर," तिचे वकील बोलले.

"पुकारा," मॅडम मला बोलल्या.

मी दरवाजात गेलो. मावशी बाकड्यावर, अंग वळवून बसलेली, दरवाजाकडे पाठ. बाजूच्या बाईची पिशवी धरून होती. माझ्या मागे दिराचे वकील येऊन उभे राहिले, डोळे तिच्यावर लावून. मी श्वास घेतला. आणि तेव्हा काय वाटलं सांगतो. आख्ख्या नोकरीत मला एकच हौस, माझा आवाज लांब जावा. त्या दिवशी मनात एकच, हिला ऐकू जाऊ नये. आणि चोरून हळू पण ओरडता येत नव्हतं, वकील मागे होते.

मी कधी ओरडलो नाय असा ओरडलो. "हौसाबाई गणपत तरे, हाजिर हो." बाजूच्या कोर्टाचा पट्टेवाला बाहेर आला. जिन्यावरचे लोक थांबले. खालून कोणीतरी विचारलं, काय झालं? दुसऱ्यांदा. बाकड्यावरच्या सगळ्या माना माझ्याकडे वळल्या, एक सोडून. तिसऱ्यांदा माझा आवाज फाटला.

मावशी पिशवीला गाठ मारत होती.

मागचे दिराचे वकील आत जाऊन बसले. मॅडम आतून बोलल्या, "आणा त्यांना."

मी जाऊन समोर उभा राहिलो, खांद्याला हात लावला. तिने बघितलं, माझ्या मिशीच्या जागेकडे बघितलं, आणि त्या शांत झालेल्या कोर्टात तिच्या मोठ्या आवाजात बोलली, "आला का नंबर? मघाधरून बसली हाय, तू तं हाकच मारीत न्हायस."

केस परत उभी राहिली. मनाई हुकूम पण परत मिळाला. पण जे उभं होतं त्यालाच मिळाला. दोन भिंती, ओटा आणि देवाचा फोटो. पडलेल्याला हुकूम मिळत नाय. मावशीने चुलीच्या बाजूला निळी ताडपत्री बांधली. पावसाळ्यात तिथून पाणी येतं. मी दोनदा जाऊन ताडपत्री आवळून आलो. माझी गाठ सुटते, तिलाच परत बांधावी लागते.

मी रिटायर झालो. सेंड-ऑफला क्लार्कने भाषण केलं, असा आवाज परत होणे नाही. टाळ्या वाजल्या. मी खाली बघत बसलो.

मावशीची केस चालूच आहे. तारीख असली की मी जातो. बाकड्यावर तिच्या बाजूला बसतो. आता दरवाजात नवीन माणूस आहे, मिशी नाय, तोंड सरळ ठेवून पुकारतो, पण आवाज बारीक. माझं काम इतकंच, तिचं नाव आलं की खांद्याला हात लावायचा. जोक पण सांगतो, पण आता समोर तोंड करून, सावकाश. तर ती हसत नाय. मागच्या वेळी एक पूर्ण ऐकून बोलली, "इतकी वर्सं ह्ये सांगत होतास व्हय?"

गेल्या तारखेला ऊन लागत होतं, शेंगा खाऊन मी भिंतीला डोकं टेकलं. किती वेळ गेला माहीत नाय. खांद्यावर हात पडला. डोळे उघडले तर मावशी पिशवी घेऊन उभी होती, दरवाजातल्या पोराच्या ओठांकडे बोट दाखवत.

"ऊठ रं," ती बोलली. "नाव घेतलं."